नोटा सापडल्या, तरी आरोपी का सुटतो? लाचेचा गुन्हा कोर्टात सिद्ध करण्याची वाट, तक्रारीपासून निकालापर्यंत

‘तलाठी लाच घेताना रंगेहाथ’ अशी बातमी येते, सोबत टेबलावर मांडलेल्या नोटांचा फोटो असतो. आता शिक्षा व्हायला काय उरलंय, असं वाचणाऱ्याला वाटतं. काही वर्षांनी तोच माणूस निर्दोष सुटतो आणि गावात कुजबुज सुरू होते की कोर्टही मॅनेज झालं. निकालपत्र वाचलं तर कारण बहुधा वेगळंच निघतं. पैसे सापडले, नोटांना लावलेली पावडर हाताला लागली, पंचनामा झाला. पण ते पैसे लाच म्हणून मागितले होते, हे सिद्ध झालं नाही.

लाचेचा खटला मागणीवर उभा राहतो आणि मागणीवरच पडतो. पैसे मिळणं हा त्यातला सोपा भाग. ज्याच्याकडे कोणी लाच मागितली आहे आणि जो एसीबीकडे (लाचलुचपत प्रतिबंधक विभागाकडे) जायचा विचार करतो आहे, त्याने पहिल्या दिवसापासून हे डोक्यात ठेवलं तर पुढची बरीच पडझड टळते.

कायदा नेमकं काय सिद्ध करायला सांगतो

भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियम १९८८ चा आहे आणि २०१८ मध्ये त्यात मोठे बदल झाले. कलम ७ नुसार लोकसेवकाने गैरवाजवी लाभ मिळवणं, स्वीकारणं किंवा मिळवण्याचा प्रयत्न करणं हा गुन्हा आहे. शिक्षा किमान ३ आणि कमाल ७ वर्षं, शिवाय दंड. पैसे स्वतःसाठी घेतले की दुसऱ्यासाठी, थेट घेतले की कोणाच्या हस्ते, याने फरक पडत नाही. ‘प्रयत्न’ हा शब्दही महत्त्वाचा आहे. साहेबाला सापळ्याचा, म्हणजे खुणेच्या नोटा देऊन एसीबीने लावलेल्या पाळतीचा, संशय आला आणि त्याने पैसे घेतलेच नाहीत, तरी आधी केलेली मागणी पक्की नोंदली गेली असेल तर केवळ मागणीवरून गुन्हा दाखल होऊ शकतो. ‘साहेबांकडून काम करून देतो’ म्हणून पैसे घेणारा खासगी एजंट कलम ७अ खाली येतो.

१५ डिसेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने नीरज दत्ता प्रकरणात हा विषय बराच स्पष्ट केला. पैसे घेतल्याच्या खटल्यात मागणी आणि स्वीकृती (पैसे घेणं) या दोन्ही गोष्टी तथ्य म्हणून सिद्ध व्हायलाच हव्यात. मात्र तक्रारदार मरण पावला, फितूर झाला किंवा साक्षीला आलाच नाही, तर इतर साक्षीदार आणि परिस्थितीजन्य पुरावा यांवरूनही त्या सिद्ध करता येतात. तक्रारदाराविना खटला संपतो ही समजूत तिथे मोडली.

गंमत पुढे आहे. हा कायदेशीर प्रश्न सुटल्यावर तेच प्रकरण २०२३ च्या मार्चमध्ये दोन न्यायमूर्तींपुढे गेलं आणि आरोपी सुटली. वीजमीटरचं ते प्रकरण होतं आणि खटला चालायच्या आधीच तक्रारदार वारला होता. सोबत गेलेल्या पंचाच्या (स्वतंत्र साक्षीदाराच्या) साक्षीतून एवढंच निघत होतं की तिने कागदपत्रं आणि पैसे मागितले. पैसे कशाचे? फीचे की लाचेचे? नुसते पैसे मागणं म्हणजे लाच मागणं नव्हे, असं न्यायालयाने म्हटलं. पुढच्या प्रत्येक पायरीवर हा ‘कशाचे?’ विसरू नका.

तक्रारीला जाण्याआधी

आधी स्वतःच्या कामाचे कागद गोळा करा: अर्जाची पोच, आवक क्रमांक, फी भरल्याची पावती, ऑनलाइन अर्जाचा टोकन क्रमांक. ज्या दिवशी पैसे मागितले त्या दिवशी तुमचं काम त्या माणसाकडे प्रलंबित होतं, हे यातून दिसतं. बचावाचा सगळ्यात आवडता मुद्दा असतो, “माझ्याकडे कामच शिल्लक नव्हतं, मग मी पैसे कशाला मागू?” फेरफाराचंच घ्या. नोंद तलाठी घेतो आणि ती प्रमाणित करतो मंडळ अधिकारी. तुमची नोंद तक्रारीच्या आठ दिवस आधीच प्रमाणित झाली असेल आणि तक्रारीत ‘नोंद घेण्यासाठी पैसे मागितले’ असं लिहिलेलं असेल, तर उलटतपासणीत तेवढ्यावरून खटला डळमळतो. कायद्याच्या दृष्टीने अधिकाऱ्याला ते काम करण्याचा अधिकार होता की नव्हता हे निर्णायक नाही, पण न्यायाधीशाला तुमची हकिगत पटायला तर हवी. नोंद झाली असून सातबारा देण्यासाठी पैसे मागितले असतील, तर तक्रारीतही तसंच लिहा.

दुसरं, त्या माणसाशी तुमचे जुने व्यवहार काय आहेत ते आठवून ठेवा. कधी उसने पैसे दिले-घेतले? भाऊबंदकीच्या वादात त्याने तुमच्याविरुद्ध अहवाल दिला होता? तुम्ही त्याच्याविरुद्ध माहिती अधिकारात अर्ज केला होता? असेल ते एसीबीच्या अधिकाऱ्याला आधीच सांगा. तुम्ही लपवलेली गोष्ट आरोपीचा वकील शोधून काढतोच.

तिसरं, मोबाइलवर मागणीचं रेकॉर्डिंग केलं असेल तर त्याला हात लावू नका. नको असलेला भाग कापायचा नाही, आवाज ‘साफ’ करायचा नाही, व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवून मूळ फाइल पुसायची नाही. मोबाइल बदलायचा विचार असेल तर तो पुढे ढकला. मूळ फोन हाच मूळ पुरावा.

आणि एक मुदत. दबावाखाली तुम्ही पैसे आधीच दिले असतील, तर ७ दिवसांच्या आत तक्रार करा. २०१८ नंतर लाच देणं हाही स्वतंत्र गुन्हा आहे, पण सक्तीने द्यावी लागलेली लाच ७ दिवसांत कळवली तर कलम ८ देणाऱ्याला संरक्षण देतं. पोलिसांना आधी कळवून, त्यांच्या मदतीसाठी सापळ्यात पैसे देणाऱ्यालाही या कलमाखालचा लाच देण्याचा गुन्हा लागत नाही. त्यामुळे सापळ्यात नोटा दिल्या म्हणून आपणच अडकू, ही भीती बाळगू नका.

तक्रार कुठे, कशी

राज्य शासन, जिल्हा परिषद, महापालिका, पोलीस, महावितरण अशा ठिकाणच्या माणसांसाठी लाचलुचपत प्रतिबंधक विभाग. टोल फ्री क्रमांक १०६४, आणि जिल्ह्याच्या ठिकाणी युनिटचं कार्यालय असतं. केंद्र सरकारचे कर्मचारी, राष्ट्रीयीकृत बँका वगैरेंसाठी सीबीआय. स्थानिक पोलीस ठाण्यात आधी जाऊन विचारपूस करण्यात शहाणपण नाही, बातमी फुटते.

तक्रार तुमच्या शब्दांत असू द्या. कोणत्या तारखेला, साधारण किती वाजता, कुठे, कोण हजर असताना, काय शब्दांत मागणी झाली. “चहापाण्याचं बघा” म्हणाला असेल तर तेच लिहा, त्याचं ‘लाचेची मागणी केली’ असं सरकारी भाषांतर करू नका. साक्षीला उभे राहाल तेव्हा तुमच्या तोंडून चहापाणीच येईल आणि कागदावर दुसरं असेल, तर तो फरक बचावाच्या पथ्यावर पडतो. घासाघीस होऊन रक्कम कमी झाली असेल तर दोन्ही आकडे लिहा. शेवटी ‘मला लाच द्यायची नाही’ हे वाक्य हवंच.

पडताळणी: खटल्याचा कणा

लोकांचं सगळं लक्ष सापळ्याकडे असतं. माझ्या मते खरा खटला पडताळणीतच जिंकला किंवा हरला जातो. तक्रार आली की विभाग दोन पंच बोलावतो, बहुधा दुसऱ्या सरकारी कार्यालयातले कर्मचारी. तुम्हाला व्हॉइस रेकॉर्डर देऊन, एका पंचासोबत, त्या माणसाकडे पाठवतात. मागणी खरंच आहे का, हे आधी तपासायचं असतं. परत आल्यावर पंचांसमोर रेकॉर्डिंग ऐकून संभाषण लिहून काढतात, पंचनामा होतो, मेमरी कार्ड सीलबंद होतं.

या भेटीत तुमच्याकडून दोन प्रकारच्या चुका होऊ शकतात. पहिली, घाबरून पुटपुटत बोलणं आणि ‘ते’, ‘तेवढं’, ‘मागचं’ अशा सर्वनामांत गुंडाळून टाकणं. “ते आणलंय”, “बरं, ठेवा” या संवादातून उद्या काहीही अर्थ काढता येतो. दुसरी त्याच्या उलट, म्हणजे समोरच्याच्या गळ्यात पैसे घालण्याचा आग्रह. “साहेब, घ्याच, मी देतोच” असं तुम्हीच वारंवार म्हणालात तर मागणी तुमची दिसते, त्याची नाही.

मधला मार्ग साधा आहे. आपल्या कामाचं नाव घ्या: “साहेब, त्या वारसनोंदीचं काय झालं?” मग त्याला बोलू द्या. त्याने पैशांचा विषय काढला की रक्कम विचारा: “नक्की किती?” आणि जमलं तर एक भाबडा प्रश्न: “याची पावती मिळेल का?” हा प्रश्न फार मोलाचा आहे. “पावती कसली, हे आपल्यातलं” असं उत्तर आलं की ती सरकारी फी नव्हती, हे त्याच्याच तोंडून नोंदलं गेलं. नीरज दत्ता प्रकरणात जी फट राहिली ती इथे बुजते.

पंच जवळ असणं तितकंच गरजेचं. सोबतच्या माणसाला बाहेर थांबायला सांगण्याची कित्येक अधिकाऱ्यांची सवय असते. म्हणून नातेवाईक किंवा शेतातला वाटेकरी अशी सहज पटणारी ओळख आधी ठरवून घ्या. पंचाने पाहिलं आणि ऐकलं, दोन्ही व्हायला हवं. १९७९ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तक्रारदाराच्या साक्षीला महत्त्वाच्या तपशिलांत दुजोरा हवा असं म्हणून आरोपीला सोडलं. पंचाच्या साक्षीत आरोपीने पैसे मागितल्याचा उल्लेखच नव्हता.

सापळ्याचा दिवस

पैसे सहसा तुम्हीच आणायचे असतात आणि ते मुद्देमाल म्हणून अडकतात, पण विभागाकडून ती रक्कम नंतर परत मिळते. नोटांचे क्रमांक पंचनाम्यात लिहितात, त्यांना पावडर लावतात. कुठे अँथ्रासीन वापरतात, जी अतिनील दिव्याखाली निळसर चमकते. कुठे फिनॉल्फथॅलीन, जिच्यामुळे सोडियम कार्बोनेटचं पाणी गुलाबी होतं. प्रात्यक्षिक दाखवतात, हात धुवून घेतात, इशारा ठरतो: डोक्यावरून हात फिरवणं, मिस्ड कॉल, काहीही.

तुमच्यासाठी नियम थोडेच. त्याने मागितल्याशिवाय नोटांना हात लावायचा नाही. भेटल्यावर हस्तांदोलन नाही, पाया पडणं नाही. पावडर तशीच लागली असा बचाव आयता मिळतो. पैसे टेबलावर टाकून किंवा ड्रॉवरमध्ये सरकवून यायचं नाही. त्याने “त्याच्याकडे दे” म्हणून शिपायाकडे किंवा टपरीवाल्याकडे बोट दाखवलं, तर ते शब्द पंचाच्या कानावर जातील असं बघा, कारण त्या एका वाक्यावरच मधला माणूस आणि साहेब यांचा संबंध जोडला जाणार आहे. पैसे घेतल्यावर त्याने ते मोजले, कुठे ठेवले, काय म्हणाला, हे लक्षात ठेवा. इशारा दिल्यावर तुमचं काम संपलं, बाजूला व्हा.

धाड पडल्यावर आरोपीने दिलेला पहिला खुलासा फार बोलका असतो. तो पंचनाम्यात जसाच्या तसा यावा. त्या क्षणी तो “माफ करा” म्हणाला असेल आणि चार वर्षांनी कोर्टात “ते हातउसने होते” म्हणत असेल, तर तो बचाव नंतर सुचला, असं सरकारी वकील दाखवू शकतो.

पावडर आणि गुलाबी पाणी यांना लोक वाजवीपेक्षा जास्त महत्त्व देतात. त्यातून एवढंच ठरतं की हात नोटांना लागला. का लागला, हे पावडर सांगत नाही.

कागद जिथे फाटतात

सापळ्यानंतर गुन्हा नोंदवला जातो, जबाब होतात, आणि तक्रारदार निर्धास्त होतो. नंतरच्या दोन गोष्टी तपास अधिकाऱ्याच्या हातातल्या आहेत, पण तुम्हाला त्या माहीत असाव्यात, म्हणजे विचारता येईल.

पहिली, रेकॉर्डिंगचं प्रमाणपत्र. जालन्याच्या निवडणूक वादातून निघालेल्या अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ठरवून टाकलं की इलेक्ट्रॉनिक नोंदीची प्रत पुराव्यात द्यायची तर प्रमाणपत्र अनिवार्य आहे. मूळ उपकरणच मालकाने साक्षीत हजर केलं तर त्याची गरज नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात हे कलम ६३(४) मध्ये आहे. प्रमाणपत्राचे दोन भाग असतात, एक उपकरण ताब्यात असणाऱ्याचा आणि दुसरा तज्ज्ञाचा, आणि फाइलचं हॅश मूल्य नमूद करावं लागतं. हॅश म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेला सांकेतिक आकडा. फाइलमध्ये एक अक्षर जरी बदललं तरी तो बदलतो. तुमच्या फोनमधलं रेकॉर्डिंग पुराव्यात जाणार असेल तर पहिला भाग तुम्हालाच द्यावा लागेल. त्याबरोबर आवाजाचे नमुने. आरोपीने नमुना द्यायला नकार दिला तर न्यायदंडाधिकारी तसा आदेश देऊ शकतात, आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ मध्ये आवाजाचा नमुना आता स्पष्ट नमूद आहे. ज्या खटल्यात आवाज कोणाचा हेच सिद्ध केलेलं नाही, तिथे रेकॉर्डिंग असून नसल्यासारखं.

दुसरी, अभियोजनाची मंजुरी, म्हणजे खटला चालवायची परवानगी. भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियमाच्या कलम १९ प्रमाणे, त्या कर्मचाऱ्याला नोकरीतून काढण्याचा अधिकार ज्याला आहे त्याची मंजुरी असल्याशिवाय कोर्ट दखल घेत नाही. २०१८ च्या बदलांपासून निवृत्त कर्मचाऱ्यांसाठीही ती लागते. मुदत तीन महिने, कायदेशीर सल्ल्यासाठी आणखी एक. प्रत्यक्षात ती ओलांडली जाते. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विजय राजमोहन खटल्यात ही मुदत बंधनकारक म्हटली, पण उशीर झाला म्हणून खटला रद्द होणार नाही, उशीर करणाऱ्याला जबाबदार धरा, असंही सांगितलं. मंजुरी देणाऱ्या अधिकाऱ्यानेही कागद वाचलेले असले पाहिजेत. एसीबीने पाठवलेल्या मसुद्यावर नुसती सही ठोकली, हे साक्षीत उघड झालं की बचाव तिथेच तुटून पडतो. किरकोळ त्रुटीवरून मंजुरी बाद करू नये असंही न्यायालयांनी म्हटलेलं आहे, २०१३ च्या महेश जैन निकालात तर स्पष्टच. तरीही त्या भरवशावर राहण्यात अर्थ नाही.

साक्षीच्या पिंजऱ्यात

खटला विशेष न्यायाधीशांपुढे चालतो. तो शक्यतो दोन वर्षांत संपवावा असं याच अधिनियमाचं कलम ४ सांगतं, आणि मुदतवाढी धरूनही चार वर्षांपलीकडे जाऊ नये. सापळ्यापासून साक्षीपर्यंतचा काळ मात्र याहून लांबतो. म्हणून घटनेच्या आठवड्यातच, आठवतंय तोवर, सगळं स्वतःसाठी वहीत लिहून ठेवा, आणि समन्स आल्यावर सरकारी वकिलांना भेटून तुमचा जबाब वाचून घ्या. साक्षीदाराने आपला जबाब वाचून येण्यात काही गैर नाही. पढवलेल्यासारखं बोलणं मात्र लगेच कळतं.

उलटतपासणीत येणारे बचाव ठरावीक असतात. ‘उसने पैसे परत केले.’ ‘शेतसाऱ्याची थकबाकी होती.’ ‘ध्वजदिन निधीसाठी घेतले.’ ‘मी नको म्हणत असताना खिशात कोंबले.’ यांतलं निधीचं प्रकरण वाटतं तितकं हास्यास्पद नाही, कारण कर्मचाऱ्यांना अशा वसुलीची उद्दिष्टं खरंच दिलेली असतात. अशा वेळी पावतीपुस्तक आणि रेकॉर्डिंगमधला पावतीचा प्रश्न कामी येतो.

उत्तर छोटं द्या. आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा. किती वाजले होते हे मिनिटासकट सांगणारा साक्षीदार संशय वाढवतो. मात्र मागणीचे शब्द, रक्कम, कशासाठी, पैसे कोणत्या क्षणी दिले, एवढं ठाम असू द्या. घड्याळाच्या, बसण्याच्या जागेच्या, शर्टाच्या रंगाच्या बारीकसारीक विसंगतींनी खटला सहसा जात नाही. मागणीतली विसंगती मात्र महागात पडते.

मागणी आणि स्वीकृती सिद्ध झाली की कलम २० चं गृहीतक लागतं: तो लाभ कामाच्या मोबदल्यातच घेतला, असं न्यायालय धरून चालतं आणि तसं नाही हे दाखवण्याचा भार आरोपीवर जातो. त्याला ते संशयापलीकडे सिद्ध करावं लागत नाही, त्याचं म्हणणं अधिक संभाव्य वाटलं तरी पुरतं. म्हणूनच उसनवारीचा बचाव इतका लोकप्रिय आहे. तुमचे जुने व्यवहार आधीच सांगून ठेवा म्हटलं, ते यासाठी.

तडजोडीचा दबाव येतो: सरपंच येतात, मेहुणा येतो, ‘त्याच्या पोराबाळांकडे बघा’ म्हणतात. साक्ष फिरवलीत तरी खटला आपोआप संपत नाही. सरकारी वकील तुम्हाला फितूर जाहीर करून तुमचीच उलटतपासणी घेतात, पंच आणि रेकॉर्डिंग तसेच राहतात, आणि शपथेवर खोटं सांगितल्याबद्दल तुमच्यावरच कारवाई होऊ शकते. असा दबाव सुरू झाल्याबरोबर एसीबीला लेखी कळवा. साक्ष डळमळेल अशी धास्ती असेल तर तपास चालू असतानाच तुमचा जबाब न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवून घेण्याची विनंतीही करता येते. तो जबाब स्वतंत्र पुरावा ठरत नाही, पण पुढे कोणी वेगळं बोललं तर ते दाखवायला उपयोगी पडतो.

अडकलेलं मूळ कामही सोडू नका. तुमचं काम कायदेशीर असेल तर ते पूर्ण व्हावं म्हणून एसीबी संबंधित कार्यालयाकडे पाठपुरावा करते. तसा अर्ज युनिटकडे देऊन पोच घ्या.

शिक्षा झाली तर आरोपी उच्च न्यायालयात अपील करतो, सुटला तर राज्य शासन करू शकतं. अपिलात साक्षी सहसा पुन्हा होत नाहीत. खालच्या कोर्टात टंकलिखित झालेली तुमची साक्ष, तिच्यातला शब्द न् शब्द, तेवढाच वरच्या न्यायमूर्तींसमोर असतो. म्हणून साक्ष संपल्यावर सही करण्याआधी ती वाचायला मागा, आणि तुम्ही “दहा हजार लाच मागितली” म्हणाला असताना “दहा हजार मागितले” एवढंच उतरलं असेल तर तिथल्या तिथे दुरुस्त करून घ्या.